परका विचार आणि आपली भाषा

तत्त्वज्ञानाचा इतिहास म्हणून जे ग्रंथ आपल्याकडील महाविद्यालयांत दीर्घकाळ वाचले गेले, त्यांचा आरंभ बहुधा ग्रीस देशातील थेलीझपासून होतो. सॉक्रेटीस, प्लेटो व ॲरिस्टॉटल यांच्यापाशी पुरेसा मुक्काम केल्यावर ग्रंथकार मध्ययुगावरून घाईने पुढे जातो आणि देकार्त, लॉक, ह्यूम, कांट, हेगेल असा राजमार्ग धरून अर्वाचीन काळाला येऊन पोचतो. या मार्गावर काशी लागत नाही, पैठण लागत नाही. आफ्रिका खंडातील तर एकही गाव लागत नाही. हे केवळ विस्मरणाने झाले असते, तर एखादे प्रकरण वाढवून भागले असते. परंतु हेगेलने १८२२ पासून बर्लिनमध्ये इतिहासाच्या तत्त्वज्ञानावर जी व्याख्याने दिली, त्यांत आफ्रिका हा जगाच्या इतिहासाचा भागच नव्हे, असे त्याने स्पष्ट सांगून टाकले. हिंदुस्थानाला त्याने इतिहासात जागा दिली खरी, पण ती मागच्या, केव्हाच ओलांडून गेलेल्या पायरीवरची.

ज्या काळात हे मत बनत होते, त्याच काळात युरोपीय राष्ट्रे या दोन्ही भूभागांवर आपले राज्य बसवीत होती. राज्ये पुढे गेली. मापे मात्र मागे राहिली. आपला विचार मोजावयाचा तो कोणाच्या मापाने, हा प्रश्न म्हणून शिल्लक उरतो, आणि प्रस्तुत लेखात आम्हांस त्याच प्रश्नाचा थोडा मागोवा घ्यावयाचा आहे.

हेगेलच्या पूर्वीच एका आफ्रिकी माणसाने जर्मन विद्यापीठात तत्त्वज्ञान शिकविले होते, ही गोष्ट येथे प्रथम सांगितली पाहिजे. अन्टोन विल्हेल्म आमो हा आजच्या घाना देशातील ॲक्सिम या किनाऱ्यावरील गावाजवळ १७०३ च्या सुमारास जन्मला. लहानपणीच त्याला ॲम्स्टरडॅमला आणण्यात आले व तेथून जर्मनीतील एका ड्यूकच्या दरबारी तो भेट म्हणून पोचला. मूल भेट म्हणून देण्याचा तो काळ होता. पण हा मुलगा शिकला. १७२७ मध्ये हाले विद्यापीठात दाखल झाला, आणि १७३४ मध्ये विटेनबर्ग येथे त्याने लॅटिन भाषेत प्रबंध सादर केला. पुढे त्याने हाले व येना येथे अध्यापनही केले. वेदना आणि संवेदना या मानवी मनाच्या ठिकाणी असतात की शरीराच्या, हा त्याच्या प्रबंधाचा विषय होता. मन हे अभौतिक व केवळ कर्तृत्वशील आहे. संवेदना म्हणजे काहीतरी सोसणे. तेव्हा ती मनाची असूच शकत नाही, ती जिवंत शरीराची होय, असा त्याचा युक्तिवाद. त्यात त्याने देकार्तच्या मतातील विसंगती दाखविली.

पुढे तीस वर्षांनी, १७६४ मध्ये, कांटने आपल्या एका निबंधात एका मनुष्याच्या बोलण्याचा उल्लेख करून, तो काळा होता एवढ्यावरूनच त्याचे बोलणे मूर्खपणाचे होते हे सिद्ध होते, असे लिहिले. कांटसारख्या थोर विचारवंताच्या हातून हे लिहिले जावे याचे आजही दुःख वाटते. आमो तोपर्यंत जर्मनी सोडून आपल्या मायदेशी परतला होता.

आता आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून आपल्या परिसराकडे येऊ. मंडीदीप हे आज कारखान्यांचे गाव म्हणून ओळखले जाते. येथून भोपाळ गाठून पश्चिमेकडे आणखी सुमारे ४० किलोमीटर गेल्यास सीहोर लागते. भोपाळ संस्थानातील इंग्रजांची छावणी व त्यांच्या पोलिटिकल एजंटाचे ठाणे तेथे होते. १८३० नंतरच्या दशकात लान्सलॉट विल्किन्सन नावाचा अधिकारी त्या जागेवर होता. त्याला संस्कृत ज्योतिषग्रंथांची मनापासून गोडी होती. सीहोरला त्याने संस्कृत पाठशाळा चालविली, आणि १८३४ मध्ये कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात एक निबंध लिहून असे प्रतिपादन केले की, एतद्देशीयांना युरोपीय ज्योतिष शिकवावयाचे तर त्यांच्याच सिद्धांतग्रंथांची पायरी करावी.

या सूचनेला प्रत्यक्ष रूप दिले ते सुबाजी बापू या शास्त्र्यांनी. त्यांचा ‘सिद्धांतशिरोमणिप्रकाश’ हा मराठी ग्रंथ १८३६ चा. पुराणांतील विश्वरचना, सिद्धांतांतील विश्वरचना आणि कोपर्निकसची विश्वरचना या तिन्ही समोरासमोर मांडून त्यांची तुलना करावी, असा त्याचा घाट आहे. मराठी शाळांतून शास्त्रीय विषयांची पुस्तके नुकतीच होऊ लागली होती, तेव्हाची ही गोष्ट, आणि तीही पुण्यामुंबईपासून इतक्या दूर माळव्यात!

भास्कराचार्यांनी ११५० मध्ये ‘सिद्धांतशिरोमणि’ रचला. पृथ्वी गोल आहे व ती अंतराळात निराधार आहे, हे त्यात युक्तीने सांगितले आहे. पृथ्वीला कोणीतरी धरून ठेवले आहे असे मानले, तर त्या धरणाऱ्याला दुसरा आधार हवा, त्याला तिसरा. ही मालिका संपणार कोठे? आणि शेवटचा आधार जर स्वतःच्या सामर्थ्याने राहू शकतो, तर पृथ्वीनेच काय पाप केले? पृथ्वी आपल्याला सपाट का दिसते, याचेही उत्तर तेथे आहे: मोठ्या वर्तुळाच्या परिघाचा शंभरावा भाग घेतला, तर तो सरळच भासतो. म्हणजे शेष, कूर्म यांच्या आधारावरील सपाट पृथ्वीचे खंडन सीहोरच्या शास्त्र्याला लंडनहून मागविण्याचे कारण नव्हते. ते सातशे वर्षे घरातच होते. मात्र सूर्य स्थिर व पृथ्वी फिरती, ही गोष्ट भास्कराचार्यांच्या ग्रंथात नाही. तेथवर जाण्यास नवे गणित व नवी साक्ष हवी होती, आणि ती युरोपातून आली होती. अशा रीतीने जो वाचक भास्कराचार्यांचे बोट धरून पुराणांच्या बाहेर पडला, त्याला कोपर्निकसचे म्हणणे परके वाटले तरी उपरे वाटू नये, अशी या ग्रंथाची योजना होती. परक्या विचाराने येथे आपल्या भाषेत, आपल्या युक्तिवादाच्या रीतीने साक्ष द्यावयाची होती.

सीहोरच्या या पाठशाळेतच अहमदनगर जिल्ह्यातील टोके गावचे बापूदेव शास्त्री नागपूरहून १८३८ मध्ये आले, तेथे सिद्धांतशिरोमणि व रेखागणित शिकले, आणि पुढे काशीच्या संस्कृत पाठशाळेत गणिताचे विख्यात अध्यापक झाले. विल्किन्सनने केलेले गोलाध्यायाचे इंग्रजी भाषांतर त्यांनीच तपासून दिले व ते १८६१ मध्ये प्रसिद्ध झाले. विल्किन्सन त्यापूर्वी वीस वर्षे, १८४१ मध्येच, वारला होता.

या हकिकतीत सर्वच काही उजळ होते असे समजण्याचे कारण नाही. पायरी कोणती व शिखर कोणते, हे ठरविणारा एजंट होता. भास्कराचार्य हे त्याच्या दृष्टीने युरोपीय ज्योतिषाकडे नेणारे साधन होते. कोपर्निकसची परीक्षा भास्कराचार्यांच्या रीतीने करावी, एवढे सुबाजी बापूंना करता आले. पण ज्याने पैसा व छापखाना पुरविला, त्याच्या हेतूची परीक्षा करण्याची सोय तेथे नव्हती.

आणखी एक गोष्ट आहे. १८३९ मध्ये विल्किन्सनने ‘वज्रसूची’ हा अश्वघोषाच्या नावावर असलेला जातिभेदाचे खंडन करणारा संस्कृत ग्रंथ छापला. त्याच पुस्तकात त्याला उत्तर म्हणून सुबाजी बापूंचा ‘टंक’ जोडलेला आहे. पृथ्वी फिरते ही गोष्ट ज्यांच्या बुद्धीला पचली, ते वर्णव्यवस्थेचा प्रश्न येताच तिच्या रक्षणासाठी लेखणी उचलतात! आपल्या परंपरेतील तर्कशक्ती आणि आपल्या परंपरेतील अन्याय ही दोन्ही एकाच शास्त्र्याच्या दौतीतून उतरली, हे आम्हांस झाकून ठेवावेसे वाटत नाही. ‘वज्रसूची’ हीसुद्धा याच देशातील, हे मात्र लक्षात ठेवले पाहिजे. जातीवर पहिला वार करावयास युरोप यावा लागला, असे नाही.

इकडे कलकत्त्यास १८३५ मध्येच वारे फिरले होते. मेकॉलेच्या त्या प्रसिद्ध टिपणानंतर सरकारी पैसा इंग्रजीतून दिल्या जाणाऱ्या उच्च शिक्षणाकडे वळला, आणि १८५७ मध्ये मुंबई विद्यापीठ स्थापन झाल्यावर तत्त्वज्ञान म्हणजे इंग्रजीतून शिकावयाचा विषय, हे जणू ठरून गेले. पाठशाळेतील शास्त्री आणि महाविद्यालयातील प्राध्यापक एकाच शहरात राहत; पण त्यांची गाठ पडत नसे.

तरीही काही जण या भिंतीला दारे पाडीत होते. जोतीराव फुले यांनी टॉमस पेनचा मानवी हक्कांवरील ग्रंथ वाचला आणि त्या प्रकाशात आपल्याच समाजाकडे पाहिले. त्यांचे ‘गुलामगिरी’ १८७३ चे. ते त्यांनी निग्रोंना दास्यातून मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सज्जनांना अर्पण केले आहे. आफ्रिकेतून नेलेल्या गुलामांचे दुःख व येथील शूद्रातिशूद्रांचे दुःख ही एकाच जातीची आहेत, हे त्यांनी मराठीत सांगितले. ‘आपली परंपरा’ असे आपण म्हणतो तेव्हा हा ‘आपली’ कोणाचा, ज्यांना त्या परंपरेने अक्षरओळखही होऊ दिली नाही त्यांचा काय, हा प्रश्न फुल्यांनी उभा केला. त्याला टाळून पुढे जाता येत नाही.

टिळकांची रीत निराळी. मंडालेच्या तुरुंगात १९१० ते ११ च्या हिवाळ्यात त्यांनी ‘गीतारहस्य’ लिहिले. ते १९१५ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यात मिल, स्पेन्सर, कांट, ग्रीन हे सगळे येतात, पण ते न्यायाधीश म्हणून येत नाहीत, वादी-प्रतिवादी म्हणून येतात. फ्रान्समधील ऑग्यूस्त काँत याने मानवी विचाराच्या तीन अवस्था कल्पिल्या व शेवटची, म्हणजे दृश्य सृष्टीपुरते पाहणारी, सर्वश्रेष्ठ मानली. टिळकांनी त्या तिन्हींना आधिदैविक, आध्यात्मिक व आधिभौतिक ही आपल्याकडील जुनी नावे दिली, आणि नावे दिल्यावर क्रमही मान्य केला नाही. आध्यात्मिक दृष्टी त्यांनी श्रेष्ठ ठरविली. त्यांचा निष्कर्ष ज्याला पटणार नाही त्यानेही ही वादपद्धती पाहण्याजोगी आहे. शब्द आपला झाला की प्रश्न विचारण्याचा अधिकारही आपल्याकडे येतो.

खानदेशात अमळनेर येथे १९१६ मध्ये गिरणीमालक श्रीमंत प्रतापशेठ यांनी तत्त्वज्ञान मंदिर स्थापन केले. तत्त्वचिंतनासाठी राहण्याजेवण्याची सोय करून देणारी अशी संस्था एका व्यापाऱ्याच्या देणगीतून उभी राहावी, हे कौतुकास्पद होय. साने गुरुजी अमळनेरला आले ते प्रथम या मंदिरात अभ्यास करण्यासाठी. शाळेतील शिक्षक ते त्यानंतर झाले. याच संस्थेचे संचालकपद १९३३ ते ३५ या काळात कृष्णचंद्र भट्टाचार्य या बंगाली तत्त्वचिंतकांनी भूषविले. ‘विचारांतील स्वराज्य’ या अर्थाच्या नावाचे त्यांचे एक व्याख्यान आहे. हुगळी येथील विद्यार्थ्यांपुढे दिलेले ते व्याख्यान त्यांच्या निधनानंतर १९५४ मध्ये छापले गेले. राजकीय पारतंत्र्य माणसाला जाणवते, पण बुद्धीचे पारतंत्र्य त्याला जाणवतही नाही, कारण ते त्याला शिक्षणच वाटत असते, असे त्यांच्या प्रतिपादनाचे सार आहे. परका विचार नाकारा, असे ते म्हणत नाहीत. तो आपल्या विचाराशी ताडून न पाहता घेतला जातो, यावर त्यांचा आक्षेप आहे.

अशी ताडणी प्रत्यक्षात कशी होते, हे १९८३ मध्ये पुण्यास पाहावयास मिळाले. प्रा. मे. पुं. रेगे आणि दयाकृष्ण यांच्या पुढाकाराने पाठशाळांतील पंडित व विद्यापीठांतील प्राध्यापक एकत्र बसले. चर्चेला विषय घेतला होता बर्ट्रंड रसेलचा. वाक्य उच्चारले जाते, त्याने काही सांगितले जाते. हे जे सांगितले जाते, ते ‘विधान’ म्हणून वाक्याहून आणि वस्तूहून निराळे असे काही आहे काय? रसेलने एकदा होय म्हटले व पुढे मत बदलले. पंडितांनी हा प्रश्न संस्कृतात ऐकून घेतला व संस्कृतातच त्याची चिकित्सा केली. वाक्य आहे, त्यापासून होणारे ज्ञान आहे, ज्याविषयी ज्ञान होते ती वस्तू आहे. मग मध्ये आणखी एक पदार्थ कशाला मानावयाचा, अशी शंका नैयायिकाला सहजच येते. ‘संवाद’ या नावाने ही चर्चा १९९१ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. अमळनेर, पुणे व सीहोर यांना जोडणारा धागा हाच आहे.

आफ्रिकेतही हाच वाद, आणि पुष्कळ अधिक तीव्रतेने, चालला. बेल्जियमच्या ताब्यातील काँगोमध्ये काम करणारे मिशनरी प्लासिड टेंपेल्स यांनी १९४५ मध्ये ‘बांतू तत्त्वज्ञान’ हे पुस्तक प्रसिद्ध केले. आफ्रिकी माणसालाही तत्त्वज्ञान आहे, हे एका युरोपियनाने मान्य केले म्हणून अनेकांस आनंद झाला. बेनिन देशाचे पॉलँ हूंतोंजी यांनी १९७६ च्या आपल्या ग्रंथात त्यावर कठोर टीका केली. संपूर्ण जमातीचे मिळून एकच न बोललेले तत्त्वज्ञान असते, त्यात कोणी कोणाशी वाद घालीत नाही, ही कल्पनाच आफ्रिकी माणसाला कमी लेखणारी आहे, असे त्यांचे म्हणणे. तत्त्वज्ञान म्हणजे नावानिशी मांडलेला व नावानिशी खोडलेला विचार. ‘वज्रसूची’ आणि ‘टंक’ एका पुस्तकात बांधलेली पाहिली की हे म्हणणे आपल्याला चटकन पटते.

घानाचे क्वासी विरेडू (१९३१–२०२२) यांनी याहून पुढचे पाऊल टाकले. ऑक्सफर्डला शिकलेले हे गृहस्थ आक्रा येथील विद्यापीठात अनेक वर्षे शिकवीत होते. त्यांची सूचना साधी होती: युरोपीय तत्त्वज्ञानातील कोणताही प्रश्न घ्या आणि तो आपल्या मातृभाषेत मांडून पाहा, तो तेथे टिकतो काय? त्यांची मातृभाषा अकान. सत्य म्हणजे वस्तुस्थितीशी जुळणे, असा एक सिद्धांत इंग्रजीत प्रसिद्ध आहे. अकान भाषेत ‘सत्य’ व ‘वस्तुस्थिती’ या दोन्हींसाठी ‘तसे असणे’ या अर्थाचाच प्रयोग होतो. तेव्हा हा सिद्धांत तेथे ‘जे तसे आहे ते तसे आहे’ एवढाच उरतो. यावरून सिद्धांत खोटा ठरत नाही, पण तो सर्व मानवजातीचा प्रश्न आहे की एका भाषेच्या घडणीतून आलेला, हा संशय रास्त ठरतो. विरेडूंनी हीच कसोटी आपल्या लोकांच्या जुन्या चालीरीतींनाही लावली, आणि वडीलधाऱ्यांच्या अधिकारापुढे बुद्धीने मुकाट राहावे या वृत्तीवर टीका केली.

हा प्रयोग मराठीत करून पाहण्यासारखा आहे. संस्कृतातील ‘तथ्य’ हा शब्द ‘तथा’, म्हणजे ‘तसे’, यावरून आला. म्हणजे तो थेट अकान शब्दाचा सोयरा. पण आपल्या गावात हिंदी व मराठी या दोन्ही भाषा कानावर पडतात, आणि तेथे एक गंमत दिसते. हिंदीत ‘तथ्य’ म्हणजे घडलेली गोष्ट, वस्तुस्थिती. मराठीत मात्र ‘त्याच्या म्हणण्यात तथ्य आहे’ असे आपण बोलतो. तेथे तथ्य वस्तूत नसून म्हणण्यात असते. एकाच शब्दाने दोन शेजारी भाषांत सत्याच्या दोन बाजू धरल्या आहेत.

‘मन’ या शब्दाचे तसेच. ‘मन आणि शरीर यांचा संबंध काय’ हा प्रश्न आपण इंग्रजीवरून मराठीत जसाच्या तसा उतरवितो. पण सांख्यदर्शनात मन, बुद्धी, अहंकार ही सर्व प्रकृतीच्या बाजूला, म्हणजे ज्या बाजूला शरीर आहे त्याच बाजूला, पडतात. पलीकडे राहतो तो केवळ साक्षी पुरुष. रेषा तेथेही आहे, पण ती दुसऱ्या जागी ओढलेली आहे. आमोने संवेदना शरीराकडे सोपविली, तेव्हा तोही देकार्तची रेषा सरकवीत होता. तथापि त्याचे मन विचार व इच्छा करते. सांख्यांचा पुरुष काहीच करीत नाही. साम्य दिसताच मिठी मारण्याची घाई करू नये.

शेवटी देकार्तचेच प्रसिद्ध वचन घेऊ. १६३७ मध्ये त्याने मांडले की, मी विचार करतो, यावरून मी आहे हे निश्चित होते. विरेडू म्हणत की, अकान भाषेत ‘असणे’ म्हणजे कोठेतरी असणे. तेव्हा ज्याला जागाच नाही असा ‘मी’ त्या भाषेत सिद्ध होणे कठीण. मराठीत ‘मी आहे’ एवढेच म्हटले, तर ऐकणारा पुढच्या शब्दाची वाट पाहतो. नाहीतर घाबरलेल्या मुलाला आई ‘मी आहे ना’ म्हणते तसा त्याचा अर्थ घेतो. आणि पूर्वार्धाचे काय? पाठ्यपुस्तकाबाहेर, घरात, बाजारात, ‘मी विचार करतो’ असे आपण क्वचितच म्हणतो. ‘मला वाटते’ असे म्हणतो. त्या वाक्यात ‘मी’ कर्ता नाही. काहीतरी वाटते, आणि ते मला वाटते. अठराव्या शतकात जर्मनीतील लिख्टेनबर्ग याने देकार्तवर अशीच शंका घेतली होती की, विचार चालला आहे एवढेच म्हणता येईल, ‘मी’ तेथे आधीच कसा गृहीत धरावा? त्याला ती शंका शोधून काढावी लागली. मराठी मुलाच्या तोंडी ती रोजच्या वाक्यात बसलेली आहे. ‘मला वाटते, म्हणून मी आहे’ हे वाक्य वर्गात फळ्यावर लिहून, ते सिद्ध होते की नाही, याची चर्चा आमच्या वरच्या इयत्तांतील विद्यार्थ्यांनी एकदा अवश्य करावी.